जिंकलेली मॅच पुन्हा खेळा!

समजा, तुमच्या कॉलेजच्या टीमनं एक नॉकआउट टूर्नामेंट मारली. आधी सेमीफायनल जिंकली, मग फायनल जिंकली, कप वाजतगाजत आणला आणि प्रिन्सिपॉलच्या केबिनमधल्या काचेच्या कपाटात ठेवला. आणि फायनलनंतर काही दिवसांनी वरून हुकूम आला, की कप राहू दे कपाटात, पण तुमची सेमीफायनल पुन्हा खेळायची. हो, सेमीफायनल. तुम्ही काय कराल? आधी पोट धरून हसाल, मग भांडाल, मग बहुतेक सोशल मीडियावर त्या आयोजकांची पार सालटी काढाल.

सप्टेंबर १९३९ मध्ये मॉस्कोत हे खरोखर घडलं. फरक एवढाच, की तिथे हसायची सोय नव्हती आणि भांडायची तर नव्हतीच. कारण हा हुकूम ज्याच्या मर्जीखातर निघाला असं सगळे समजून होते, तो माणूस सोव्हिएत गुप्त पोलिसांचा प्रमुख होता. त्याचं नाव लावरेंती बेरिया. आणि ज्याच्या टीमला ती मॅच पुन्हा खेळावी लागली, त्याचं नाव निकोलाय स्तारोस्तिन. आजची गोष्ट या दुसऱ्या माणसाची.

स्तारोस्तिनचा जन्म १९०२ सालचा, मॉस्कोच्या प्रेस्न्या भागातला. वडील श्रीमंत शिकारी लोकांना जंगलात घेऊन जायचे, त्यांच्यासाठी सावज हेरायचे. चार भाऊ आणि दोन बहिणी. निकोलाय थोरला, पाठोपाठ अलेक्सांद्र, आंद्रेय आणि प्योत्र. क्रांती झाली, यादवी युद्ध सुरू झालं, उपासमार आणि तापाच्या साथी आल्या, आणि १९२० मध्ये वडील गेले. निकोलाय तेव्हा साधारण तुमच्याच वयाचा होता. घरातली एवढी तोंडं आणि कमावता हा एक. मग उन्हाळ्यात फुटबॉल आणि हिवाळ्यात आइस हॉकी खेळून घराला हातभार लावायला त्यानं सुरुवात केली. खेळातून पैसे मिळवणं तेव्हाच्या नव्या समाजवादी राजवटीत अधिकृतरीत्या बसत नव्हतं, पण गुपचूप चालायचं. उजव्या बाजूचा विंगर म्हणून तो पळायचा भन्नाट, पण त्याचं खरं डोकं चालायचं ते मैदानाबाहेर.

१९२२ मध्ये प्रेस्न्यातल्या पोरांनी मिळून एक क्लब काढला. मैदान स्वतः तयार केलं, तिकिटं लावली. पुढच्या बारा-तेरा वर्षांत या क्लबची नावं बदलत राहिली, कारण आश्रयदाते बदलत राहिले. सोव्हिएत व्यवस्थेत क्लब कुणा ना कुणा खात्याचाच असायचा. डायनॅमो पोलिसांचा आणि गुप्त पोलिसांचा. लोकोमोटिव्ह रेल्वेचा. टॉर्पेडो मोटार कारखान्याचा. लष्कराचा आणखी वेगळा. स्तारोस्तिननं आधी अन्नपदार्थ उद्योगातल्या कामगारांची संघटना गाठली, मग उत्पादक सहकारी संस्थांचं महामंडळ गाठलं. त्यात कोण लोक? दुकानदार, वेटर, शिंपी, छोटे कारागीर. म्हणजे ज्यांच्याकडे ना बंदूक ना हुद्दा, असे. पण त्यांच्याकडे हातात खेळता पैसा होता, हे त्यानं बरोबर हेरलं होतं. १९३५ मध्ये क्लबला कायमचं नाव मिळालं, स्पार्टाक. रोमन साम्राज्याविरुद्ध बंड करणाऱ्या गुलामाचं, स्पार्टाकसचं हे नाव. आज वाटतं की पुढचं सगळं ठाऊक असल्यासारखंच ठेवलं होतं.

या कामात त्याच्या पाठीशी होता अलेक्सांद्र कोसारेव्ह, कम्युनिस्ट पक्षाच्या युवा संघटनेचा, कोम्सोमोलचा प्रमुख. १९३६ च्या जुलैमध्ये या दोघांनी मिळून एक अचाट उद्योग केला. रेड स्क्वेअरवरच्या वार्षिक क्रीडा संचलनात स्टॅलिनसमोर फुटबॉलची मॅच दाखवायची! स्टॅलिननं तोवर फुटबॉलमध्ये फार रस दाखवल्याचं कुणाला माहीत नव्हतं. रेड स्क्वेअर म्हणजे दगडी फरसबंदी, त्यावर पडलं तर गुडघे फुटायचे. म्हणून स्पार्टाकच्या लोकांनी रात्री जागून तुकडे शिवले आणि हिरव्या नमद्याचा एक अवाढव्य गालिचा तयार केला. डायनॅमोनं ऐनवेळी अंग काढून घेतलं. बॉल क्रेमलिनच्या भिंतीवर, किंवा त्याहून वाईट म्हणजे थेट नेत्यांच्या अंगावर गेला तर, ही त्यांची धास्ती. पोलिसांचाच क्लब तो, धोका त्यांना लवकर कळणारच. शेवटी स्पार्टाकची पहिली टीम विरुद्ध स्पार्टाकचीच राखीव टीम अशी मॅच झाली. कोसारेव्ह स्टॅलिनजवळ हातात रुमाल घेऊन उभा होता. स्टॅलिन कंटाळलेला दिसला की त्यानं रुमाल हलवायचा आणि मॅच तिथल्या तिथे थांबवायची, असं ठरलेलं. अर्ध्या तासाची मॅच त्रेचाळीस मिनिटं चालली, रुमाल काही हलला नाही.

त्याच वर्षी देशभरची लीग सुरू झाली आणि तिच्याबरोबर सोव्हिएत कपही सुरू झाला. लीग आणि कप यांतला फरक तुम्हाला सांगायला नको, पण तिथल्या माणसांना त्याचं एवढं अप्रूप का वाटलं ते सांगतो. लीगमध्ये मोजक्या मोठ्या टीम. कपमध्ये मात्र कारखान्यांच्या आणि लहान गावांच्या टीमही. हरलात की घरी. एका दुपारी एखाद्या अनोळखी गावानं राजधानीच्या बड्या क्लबला गारद करावं, ही शक्यता फक्त कपमध्येच. ज्या देशात वरपासून खालपर्यंत सगळं योजनेप्रमाणे चालतं असा दावा होता, तिथे हे एक ठिकाण असं होतं जिथे पुढे काय होईल ते सरकारलाही माहीत नसायचं. पहिला कप लोकोमोटिव्हनं घेतला, फायनलमध्ये जॉर्जियाच्या डायनॅमो त्बिलिसीला २–० हरवून. दुसऱ्या वर्षी मॉस्कोच्या डायनॅमोनं त्याच त्बिलिसीला ५–२ धूळ चारली. १९३८ मध्ये स्पार्टाकनं लेनिनग्राडच्या एलेक्ट्रिकला ३–२ हरवून कप घेतला, आणि त्याच वर्षी लीगही जिंकली.

मधल्या काळात, १९३७ मध्ये, स्पेनमधल्या यादवी युद्धासाठी मदत गोळा करत फिरणारी बास्क प्रांताची टीम सोव्हिएत दौऱ्यावर आली होती. तिनं एकापाठोपाठ एक टीमना लोळवलं. मॉस्कोच्या डायनॅमोला तर दोनदा. स्पार्टाकनं मात्र त्यांना ६–२ हरवलं. अख्खी मॉस्को रस्त्यावर आली म्हणतात. स्तारोस्तिन बंधू आता सेलिब्रिटी होते. हे प्रेम धोक्याचं होतं, कारण स्पार्टाकवर जीव टाकणाऱ्या गर्दीला डायनॅमोविरुद्ध ओरडायला मिळत होतं. एरवी पोलिसांच्या विरोधात कुठे तोंड उघडता येत होतं? स्टेडियममध्ये दीड तास येत होतं.

नोव्हेंबर १९३८ मध्ये दोन गोष्टी एकाच वेळी घडल्या. कोसारेव्हला अटक झाली, आणि काही महिन्यांत गोळी घालण्यात आली. आणि बेरिया गुप्त पोलिसांचा सर्वेसर्वा झाला. बेरिया जॉर्जियाचा. तरुणपणी स्वतः फुटबॉल खेळलेला, आणि आता साऱ्या डायनॅमो संघटनेचा आश्रयदाता. स्तारोस्तिननं पुढे आठवणींत लिहिलं, की आपण विशीच्या आसपास जॉर्जियात खेळलो तेव्हा समोर हाच होता, धसमुसळा खेळायचा आणि आपल्याला त्याला चकवून पुढे जाणं काही अवघड गेलं नव्हतं. आता ती जुनी मॅच बेरिया विसरला असेल अशी आशा करणं एवढंच स्तारोस्तिनच्या हातात होतं.

तर १९३९ ची ती सेमीफायनल. ८ सप्टेंबर, स्पार्टाक विरुद्ध डायनॅमो त्बिलिसी. स्पार्टाक १–० नं जिंकलं. वाद होता तो त्या एकाच गोलचा. बॉल गोलरेषेच्या पूर्ण आत गेला होता, की त्याआधीच बचावपटूनं बाहेर काढला? रेफ्रीनं गोल दिला. तेव्हा ना कॅमेरा ना व्हीएआर, रेफ्रीची शिट्टी म्हणजे विषय संपला. जॉर्जियन टीमनं तक्रार केली, ती फेटाळली गेली. १२ सप्टेंबरला फायनल झाली, स्पार्टाकनं लेनिनग्राडच्या स्टॅलिनेत्सला ३–१ हरवलं आणि कप पुन्हा आपल्याकडे ठेवला.

आणि मग तो हुकूम. सेमीफायनल पुन्हा. पक्षाच्या केंद्रीय समितीचा निर्णय आहे, असं स्तारोस्तिनला कळवण्यात आलं. फायनल झालेली असताना सेमीफायनल कशी खेळायची, हा साधा प्रश्न त्यानं विचारून पाहिला. उपयोग झाला नाही. इथे जरा तारखा बघा. १७ सप्टेंबरला सोव्हिएत फौजा पोलंडमध्ये घुसल्या. युरोपात दुसरं महायुद्ध पेटलेलं. अशा पंधरवड्यात त्या महाकाय देशाच्या सर्वोच्च वर्तुळात कुणाला तरी एका गोलबद्दल विचार करायला वेळ होता!

३० सप्टेंबरला मॅच झाली. आता स्तारोस्तिनच्या जागी स्वतःला ठेवून बघा. तो खेळत नव्हता, सदतीस वर्षांचा होता, क्लब चालवत होता. टीमला काय सांगणार? हरलात तर कप जाईल, पण कदाचित सगळे सुखरूप राहतील. जिंकलात तर कप राहील, आणि समोरच्या राखीव कक्षात बसलेला माणूस ते लक्षात ठेवेल. घरी बायको आणि दोन मुली. तीन भाऊ याच क्लबशी बांधलेले. कोसारेव्हचं काय झालं ते सगळ्यांना माहीत. हरण्यासाठी काही करावं लागत नाही, थोडं कमी पळलं तरी पुरतं.

स्पार्टाक ३–२ नं जिंकलं.

शेवटची शिट्टी वाजल्यावर स्तारोस्तिननं वर पाहिलं, तर बेरिया उठला, खुर्ची लाथाडली आणि तडक निघून गेला. हेही त्याच्याच आठवणींतलं. फायनल पुन्हा खेळवण्याचं मग कुणी नाव काढलं नाही. त्या वर्षीची लीगही स्पार्टाकनंच जिंकली, म्हणजे सलग दुसऱ्यांदा दुहेरी मुकुट. पहिल्या सेमीफायनलच्या रेफ्रीची कारकीर्द मात्र तिथेच संपली.

अटक लगेच झाली नाही. स्तारोस्तिनच्या म्हणण्याप्रमाणे त्याच्या अटकेचा कागद तेव्हाच तयार होता, पण पंतप्रधान मोलोतोव्हनं सही केली नाही. का, तर मोलोतोव्हची मुलगी आणि स्तारोस्तिनची मुलगी एकाच शाळेत. एवढ्या एका धाग्यावर अडीच वर्षं निघाली. मार्च १९४२ मध्ये, जर्मन सैन्याला मॉस्कोच्या दारातून नुकतंच मागे रेटलेलं असताना, एका रात्री त्याला जाग आली ती डोळ्यांवर पडलेल्या टॉर्चच्या झोतानं. समोर पिस्तुलं. त्याच सुमारास तिन्ही भाऊ, बहिणींचे नवरे आणि क्लबमधले काही जुने सहकारीही उचलले गेले.

लुब्यांकाच्या तुरुंगात त्याची दीड वर्षाहून जास्त काळ चौकशी झाली. रात्ररात्र झोपू द्यायचं नाही, ही तिथली पद्धत. आधी आरोप होता स्टॅलिनच्या हत्येच्या कटाचा. कोसारेव्हच्या टोळीतला म्हणे हा, आणि जागा तीच, रेड स्क्वेअरवरचं क्रीडा संचलन. ज्या चौकात त्यानं गालिचा अंथरला होता तोच चौक आता पुराव्यात. हा आरोप टिकला नाही. मग राहिला सोव्हिएतविरोधी प्रचाराचा, म्हणजे भांडवलशाही देशांतल्या खेळाचं कौतुक केल्याचा. त्यांच्यावर क्लबच्या दुकानांतला पैसा आणि माल वळवल्याचे, लोकांना लष्करभरतीतून सुटका मिळवून दिल्याचेही आरोप होते, असं नंतर उघड झालेल्या दप्तरांतून दिसतं. यावर इतिहासकारांमध्ये चर्चा चालू असते. मला वाटतं, स्तारोस्तिनला अगदी संत करायची गरज नाही. तो जुगाडू माणूस होता. ओळखी लावून, आडमार्गानं, खेळाडूंना बूट, घरं आणि पगार मिळवून देणारा. त्या काळात प्रत्येक क्लब हेच करत होता, शिक्षा सगळ्यांना झाली नाही.

ऑक्टोबर १९४३ मध्ये निकाल लागला. चौघा भावांना दहा-दहा वर्षं श्रमछावणी. स्तारोस्तिनला हायसं वाटलं, कारण त्या कचेरीत दहा वर्षं म्हणजे जवळजवळ निर्दोष सुटल्यासारखंच मानलं जायचं. भाऊ चार दिशांना गेले, आंद्रेय ध्रुवाजवळच्या नोरिल्स्कला. निकोलाय उत्तरेकडच्या उख्ताला, आणि नंतर पार पूर्वेला खाबारोव्स्क आणि कोम्सोमोल्स्ककडे.

आणि इथे गंमत सुरू होते, जर तिला गंमत म्हणता येत असेल तर. प्रत्येक छावणीचा एक साहेब आणि प्रत्येक साहेबाला फुटबॉलचं वेड. शेजारच्या छावणीच्या टीमला हरवायचं असतं! स्तारोस्तिन आलाय हे कळलं, की हे अधिकारी आपापसांत त्याला पळवू पाहायचे. जिथे लाखो माणसं लाकडं तोडत, खाणी खणत मेली, तिथे हा कैदी कोच झाला. बरॅकीत न राहता मैदानाच्या खोलीत झोपायला लागला. आणि तो कुठल्या टीमना शिकवत होता? डायनॅमोच्या. तुरुंग चालवणारे तेच, त्यामुळे तिथल्या टीमचं नावही तेच. रात्री कैद्यांना तो जुन्या मॅचच्या गोष्टी सांगायचा. खुनी, दरोडेखोर, पहारेकरी, सगळे श्वास रोखून ऐकायचे. छावणीतल्या दादा मंडळींनीही त्याला कधी हात लावला नाही. १९४६ आणि १९४७ मध्ये स्पार्टाकनं कप जिंकला तेव्हा तो हजारो किलोमीटर लांब होता.

१९४८ मध्ये छावणीत फोन आला. पलीकडून स्टॅलिन बोलतोय, असं सांगितल्यावर स्थानिक साहेबांची पाचावर धारण बसली. फोनवर होता वासिली स्टॅलिन, हुकूमशहाचा सत्तावीस वर्षांचा मुलगा. हवाई दलात जनरल, दारूचं व्यसन, आणि स्वतःची फुटबॉल टीम देशात अव्वल करण्याचा हट्ट. त्यानं विमान पाठवून कैद्याला मॉस्कोत आणवलं. स्तारोस्तिनला मॉस्कोत राहायची परवानगीच नव्हती. बेरियाची माणसं दारात आली आणि चोवीस तासांत शहर सोडायला सांगून गेली. वासिलीनं मग त्याला स्वतःच्या घरात ठेवून घेतलं. बाहेर जायचं ते दोघांनी बरोबर, झोपायचं ते एकाच पलंगावर, वासिलीच्या उशाखाली पिस्तूल.

सिनेमात दाखवलं तर तुम्ही म्हणाल, लेखकानं जरा जास्तच ताणलंय. एका रात्री वासिली दारूत गुंग असताना स्तारोस्तिन खिडकीतून उतरला आणि घरी, बायको-मुलींकडे गेला. इतक्या वर्षांनी. पहाटे सहाला बेरियाची माणसं हजर. त्याला दक्षिणेकडच्या रेल्वेत बसवलं. वाटेत ओर्योल स्टेशनवर वासिलीच्या गुप्तचरांनी गाठून त्याला परत आणलं. आणि वासिलीनं त्याला थेट डायनॅमो स्टेडियममध्ये, सगळ्यांच्या नजरेसमोर, आपल्या शेजारी बसवून मॅच दाखवली. दोन बलाढ्य माणसांच्या रस्सीखेचीतला दोर होता तो. हे त्याला लवकरच कळलं आणि त्यानंच वासिलीला मला जाऊ दे म्हणून विनवलं. शेवटी त्याची रवानगी कझाकस्तानात, अल्मा-अताला झाली. तिथेही त्यानं काय केलं असेल? स्थानिक टीमला कोचिंग.

मार्च १९५३ मध्ये स्टॅलिन मेला. जूनमध्ये बेरियालाच अटक झाली आणि डिसेंबरमध्ये गोळी घालण्यात आली. १९५४ मध्ये स्तारोस्तिन सुटला आणि पुढच्या वर्षी शिक्षा रद्द होऊन निर्दोष ठरला. चौघेही भाऊ जिवंत परतले. हे किती दुर्मीळ होतं, ते त्या काळातल्या कुठल्याही कुटुंबाची गोष्ट वाचलीत तर कळेल.

तेव्हा तो त्रेपन्न वर्षांचा होता. ऐन उमेदीची बारा वर्षं गेलेली. तो परत स्पार्टाकचा कारभारी झाला आणि मधला छोटा खंड सोडला तर म्हातारपणापर्यंत तिथेच राहिला. १९५६ च्या मेलबर्न ऑलिंपिकमध्ये सोव्हिएत संघानं सुवर्णपदक घेतलं, तेव्हा फायनल खेळलेल्या अकरापैकी आठ जण स्पार्टाकचे होते. कप पुन्हा येत राहिला: १९५८, १९६३, १९६५, १९७१. १९७६ मध्ये स्पार्टाक चक्क खालच्या श्रेणीत घसरलं. तो मधला छोटा खंड हाच. मग त्याला परत बोलावलं, बेस्कोव्ह हा कोच आला, आणि १९७९ मध्ये टीम पुन्हा देशात पहिली. बेस्कोव्ह मूळचा डायनॅमोचा, बरं का. दोघांचं पुढे जाम बिनसलं.

आणि डायनॅमो त्बिलिसी? त्यांना पहिला कप मिळाला तो १९७६ मध्ये, त्या दोन सेमीफायनलनंतर सदतीस वर्षांनी. त्या खेळाडूंची यात काही चूक नव्हती हेही लक्षात ठेवायला हवं. पुन्हा खेळायचं त्यांनी ठरवलं नव्हतं. टीम खरंच चांगली होती. चौथ्या वर्षीही कप हुकला होता आणि त्यात वर हा डाग.

१९८९ मध्ये, काळ जरा सैल झाल्यावर, स्तारोस्तिननं आपल्या आठवणींचं पुस्तक काढलं आणि हे सगळं छापील झालं. मे १९९२ मध्ये शेवटचा सोव्हिएत कप झाला. सोव्हिएत युनियन आधीच्या डिसेंबरमध्ये बरखास्त झालं होतं, पण स्पर्धा अर्धी झालेली, म्हणून ती पुरी केली. फायनलमध्ये स्पार्टाकनं लष्कराच्या टीमला, म्हणजे सीएसकेएला, २–० हरवलं. दोन्ही गोल बेस्चास्तनिख नावाच्या अठरा वर्षांच्या पोरानं मारले. तो स्पार्टाकचा दहावा कप, इतर कुठल्याही क्लबपेक्षा जास्त. कप देणारा देश नकाशावर नव्हता. बेरिया नव्हता, स्टॅलिन नव्हता, वासिलीही १९६२ मध्येच गेला होता. स्तारोस्तिन मात्र होता, वय वर्षं नव्वद.

तो १९९६ च्या फेब्रुवारीत गेला. मॉस्कोतल्या स्पार्टाकच्या नव्या स्टेडियममध्ये आज चार भावांचा पुतळा आहे, मैदानाच्या अगदी कडेला. १९३९ च्या सोव्हिएत कपच्या निकालपत्रकात त्या सेमीफायनलपुढे दोन तारखा आहेत आणि दोन स्कोअर. जिंकलेली टीम दोन्हीकडे एकच.